अल हॉज : हजार संध्याकाळींचा नट



ज्यांच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला चालते ते आपले सर प्रॉम्प्टर होते. विंगेत उभं राहून त्यांनी आयुष्यभर दुसऱ्यांची वाक्यं सांभाळली. व्याख्यानाचं निमंत्रण आल्यावर मी त्यांच्या घरी गेलो, तेव्हा वहिनींनी कपाटातून त्यांची एक वही काढून दिली. हातानं उतरवून घेतलेलं नाटक, पानांच्या कडा तेलकट झालेल्या, आणि समासात तांबड्या पेन्सिलीच्या खुणा. एका ठिकाणी लिहिलं होतं, ‘इथे हशा. घाई नको.’ नाटक विसरलं गेलं, त्यातले नट गेले, पण त्या चार शब्दांमुळे आज आपल्याला कळतं की अमुक वाक्यानंतर लोक हसायचे आणि नट थांबायचा. मी बराच वेळ ते पान बघत बसलो. आज ज्या नटाविषयी बोलायचं ठरवलं आहे, त्याच्या कामाची अशी एखादी वहीसुद्धा माझ्या पाहण्यात नाही. आहे ती फारच थोडी फिल्म.

त्याचं नाव अल हॉज. १८ एप्रिल १९१२ रोजी अमेरिकेतल्या ओहायो राज्यात, रॅव्हेना नावाच्या गावी जन्म. १९ मार्च १९७९ रोजी न्यूयॉर्कमध्ये मृत्यू. या सभागृहातल्या बहुतेकांनी हे नाव ऐकलं नसेल, आणि आज अमेरिकेतही ते फारसं कुणाला सांगता येणार नाही. पण १९५० ते १९५५ या काळात तिथली पोरं संध्याकाळचे सात वाजायची वाट बघत बसायची ती याच्यासाठी. टीव्हीवर ‘कॅप्टन व्हिडिओ अँड हिज व्हिडिओ रेंजर्स’ नावाचा कार्यक्रम लागायचा आणि त्यातला कॅप्टन होता अल हॉज.

त्याच्याबद्दल जिथे म्हणून काही छापून येतं, तिथे सुरुवात त्याच्या मरणापासून होते. मॅनहॅटनमधल्या एका हॉटेलची खोली, एकटा माणूस, हाती पैसा नाही. हे खरं आहे आणि मी ते लपवणार नाही. पण मरणापासून सुरुवात केली की सगळं आयुष्य त्या खोलीकडे जाणारा जिना वाटू लागतं. मला ती मांडणी मान्य नाही. हा माणूस आधी नट होता, कष्टाळू नट होता. म्हणून कामापासून सुरू करू.

काम सुरू झालं आवाजापासून. डेट्रॉइट शहरात डब्ल्यूएक्सवायझी नावाचं रेडिओ केंद्र होतं. तिथून १९३३ पासून ‘लोन रेंजर’ ही घोडेस्वार नायकाची मालिका लागत होती आणि ती तुफान चालली. त्याच मंडळींनी जानेवारी १९३६ मध्ये शहरातला नायक आणला, ‘ग्रीन हॉर्नेट’. दिवसा वर्तमानपत्राचा मालक, रात्री मुखवटा घालून गुंडांचा पिच्छा पुरवणारा. आपल्याकडे ज्यांनी ब्रूस लीचं सगळं काही शोधून पाहिलं आहे त्यांना हे नाव माहीत असेल, कारण १९६६ साली टीव्हीवर हीच गोष्ट आली तेव्हा नायकाच्या साथीदाराचं, काटोचं काम ब्रूस लीनं केलं होतं. त्याच्या तीस वर्षं आधी रेडिओवर त्या नायकाचा आवाज होता अल हॉजचा. १९३६ ते १९४३, सात वर्षं.

इथे एक गोष्ट सांगतो, गंमत म्हणून नाही, खूण म्हणून. १९४० साली युनिव्हर्सल कंपनीनं ‘ग्रीन हॉर्नेट’वर सिनेमाची भागमाला काढली. नायक म्हणून गॉर्डन जोन्स नावाचा नट घेतला. पण नायकानं मुखवटा चढवला की त्याच्या तोंडून आवाज यायचा तो हॉजचा. पोरांच्या कानात तोच आवाज बसला होता, दुसरा चालला नसता. म्हणजे पडद्यावर याचा आवाज पोहोचला, चेहरा पोहोचलाच नाही. ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे ती उलटी होऊन परत येणार आहे.

मग महायुद्ध, नौदलातली नोकरी, आणि युद्धानंतर न्यूयॉर्क.

आता ‘कॅप्टन व्हिडिओ’ जिच्यावर लागायचं त्या ड्युमॉन्ट कंपनीविषयी थोडं सांगायला हवं, कारण ते माहीत नसेल तर हॉजचं काम कळत नाही. ॲलन ड्युमॉन्ट हा मुळात संशोधक. त्याचा कारखाना टीव्हीचे संच बनवायचा. संच विकायचे तर लोकांना घरी बघायला काहीतरी हवं, म्हणून त्यानं स्वतःचं प्रक्षेपणाचं जाळं उभारलं. न्यूयॉर्कच्या केंद्राचं नाव डब्ल्यूएबीडी, म्हणजे त्याचीच आद्याक्षरं. वॉशिंग्टनच्या केंद्राचं नाव डब्ल्यूटीटीजी, म्हणजे त्याच्या मुख्य अभियंत्याची, थॉमस टी. गोल्डस्मिथची आद्याक्षरं. घरच्या दुकानाला मुलाचं नाव द्यावं तसा तो सगळा मामला होता. एनबीसी आणि सीबीएस या दोन धनाढ्य कंपन्यांकडे रेडिओतून आलेला पैसा होता, नावाजलेले कलावंत होते. ड्युमॉन्टकडे दोन्ही नव्हतं. तुटपुंज्या पैशात जे जमेल ते करायचं, पण रोज करायचं, या हिशेबानं ते चालत होते.

२७ जून १९४९ रोजी ‘कॅप्टन व्हिडिओ’ सुरू झालं. भविष्यातला एक कॅप्टन, त्याचा तरुण साथीदार, अवकाशयान आणि दुष्ट शास्त्रज्ञ. अवकाशाच्या गोष्टी सांगणारी टीव्हीवरची ही पहिली लोकप्रिय मालिका. स्टुडिओ होता न्यूयॉर्कच्या वॉनामेकर नावाच्या मोठ्या डिपार्टमेंट स्टोअरच्या इमारतीत. आठवड्याच्या प्रॉपर्टीचा खर्च पंचवीस डॉलर धरलेला, असं सांगतात. एवढ्या पैशात यानं, किरणं, रेडिओयंत्रं, सगळं. भिंतीपलीकडचं दिसणारं एक यंत्र होतं, ‘ऑप्टिकॉन सिलोमीटर’. नाव ऐकून छाती दडपावी असं. ते बनवलं होतं मोटारीचा सायलेन्सर, स्पार्क प्लग, आरसा आणि सिगारेटची रक्षापात्री जोडून. ज्यांनी गणेशोत्सवात नाटकं बसवली आहेत त्यांना हे शास्त्र नवं नाही. पुठ्ठा, चांदीचा रंग आणि आत्मविश्वास.

त्यातला आत्मविश्वास पुरवण्याचं काम नटाचं.

पहिला कॅप्टन हॉज नव्हता. रिचर्ड कूगन नावाचा नट होता. तो त्याच काळात ब्रॉडवेवर मे वेस्टबरोबर ‘डायमंड लिल’ या नाटकात काम करत होता. साडेसातला इकडचं संपवून तिकडच्या थिएटरकडे पळायचं. दीड वर्षानं तो सोडून गेला आणि डिसेंबर १९५० मध्ये अल हॉज आला. तेव्हा तो अडतीस वर्षांचा होता. आवाज मुरलेला, बांधा उंच, आणि रेडिओत नटाबरोबर दिग्दर्शकाचंही काम केलेलं असल्यामुळे वेळेचं भान पक्कं.

हे वेळेचं भान म्हणजे काय ते जरा जवळून बघू. कार्यक्रम सोमवार ते शुक्रवार रोज, अर्ध्या तासाचा आणि थेट प्रक्षेपित. रेकॉर्डिंग नाही, रीटेक नाही. सात वाजता लाल दिवा लागला की जे होईल ते घराघरांत दिसणार. चुकून विंगेतून शब्द दिला तर तो मायक्रोफोन उचलणार आणि पोरांना ऐकू जाणार. आपले सर तिथे असते तर त्यांना हात बांधूनच उभं राहावं लागलं असतं. आपल्याकडे एखाद्या नाटकाचे हजार प्रयोग झाले की आपण नटाचा सत्कार करतो, आणि करायलाच हवा. पण ते हजार प्रयोग एकाच संहितेचे असतात, दहाव्या प्रयोगानंतर शब्द जिभेवर बसतात. हॉजच्या वाट्याला रोज नवी संहिता होती. सकाळी जे नव्हतं ते दिवसभरात वाचायचं, उठून तालीम करायची, कॅमेऱ्यांच्या जागा लक्षात ठेवायच्या, संध्याकाळी करायचं आणि रात्री विसरायचं, कारण उद्याचं पाठ करायला डोकं रिकामं हवं. सव्वाचार वर्षं त्यानं हे केलं. १९५३ च्या हिवाळ्याआधी कार्यक्रम पंधरा मिनिटांवर आला, पण रोजचा रतीब सुटला नाही. हिशेब केला तर हजारावर संध्याकाळी होतात. हजार वेळा नवं नाटक, आणि प्रत्येकाचा एकच प्रयोग. जगाच्या रंगभूमीवर असं काम फार थोड्या नटांना करावं लागलं असेल. मी हे मनापासून सांगतो, या एका गोष्टीसाठी त्याचं नाव अभिनयाच्या इतिहासात वेगळं लिहायला हवं.

बरं, काम सोपंही नव्हतं. सुरुवातीच्या काळात कार्यक्रमात मध्येच जुन्या काउबॉय सिनेमांचे तुकडे दाखवत. कॅप्टन म्हणायचा, आता पृथ्वीवरचे आपले हेर काय करताहेत ते पाहू, आणि पडद्यावर घोडे दौडायला लागायचे. त्या चार-पाच मिनिटांत इकडे सेट हलवायचा, कपडे बदलायचे. अवकाशातून घोड्यांवर आणि घोड्यांवरून परत अवकाशात. प्रेक्षकाचा विश्वास टिकवण्याची सगळी जबाबदारी त्या एका माणसाच्या चेहऱ्यावर. पुढे लेखनही सुधारलं. विज्ञानकथेतली मोठी नावं, जेम्स ब्लिश, डेमन नाइट, जॅक व्हान्स, यांनी या मालिकेसाठी लिहिलं. तोबोर नावाचा यंत्रमानव आला. इंग्रजीतलं ‘रोबोट’ उलटं वाचलं की ‘तोबोर’ होतं, हे पोरांना आधी कळायचं, मोठ्यांना मागाहून.

जे थोडे भाग उरले आहेत त्यातले काही मी पाहिले. चित्र अंधूक, आवाज खरखरीत. सुरुवातीला वॅग्नरच्या ‘फ्लाइंग डचमन’चं संगीत गरजतं आणि मग दिसतं काय, तर रंगवलेली फळी. पहिली दोन-तीन मिनिटं आपण फळीच बघतो. नंतर हॉजकडे बघू लागतो आणि फळीचा विसर पडतो. कारण तो त्या पुठ्ठ्याकडे कधीच पुठ्ठा म्हणून बघत नाही. मुलांसाठी काम करणारे पुष्कळ नट अंगविक्षेप वाढवतात, आवाज चढवतात. हॉज तसं करत नाही. तो ठाम, खालच्या पट्टीत बोलतो, एखाद्या चांगल्या घरातला मोठा भाऊ बोलावा तसा. साथीदाराला चूक दाखवताना अपमान करत नाही. ही रेडिओची शिकवण होती. रेडिओवर ओरडणारा नट पोरांना घाबरवतो आणि हळू बोलणारा त्यांना जवळ ओढतो, हे तो सात वर्षं शिकला होता.

१९५४ साली अमेरिकेच्या सिनेटची एक उपसमिती बालगुन्हेगारीची चौकशी करत होती. टीव्हीवरची मारामारी पाहून मुलं बिघडतात का, हा प्रश्न होता. साक्ष द्यायला हॉजला बोलावलं. त्यानं सांगितलं, आमच्या कार्यक्रमात आम्ही ‘ठार मारणं’ हा शब्दसुद्धा वापरत नाही. कॅप्टनच्या शस्त्रानं शत्रू बधिर व्हायचा, मरायचा नाही. मला यातलं काय भावतं, तर देशाच्या सिनेटनं मुलांविषयी विचारायला या नटाला बोलावलं आणि तो त्या प्रश्नाला तेवढ्याच गांभीर्यानं सामोरा गेला.

पण तोवर हॉज कॅप्टनच्या चेहऱ्यात अडकला होता. १९५० मध्ये अमेरिकेतल्या शंभरातल्या नऊ घरांत टीव्ही होता, १९५५ मध्ये चौसष्टच्या आसपास. हा चेहरा याच पाच वर्षांत घराघरांत गेला. लोकांना टीव्हीवरचा चेहरा नवा होता. सिनेमाचा नट थिएटरात भेटतो, हा जेवणाच्या वेळी घरात यायचा. त्याला त्यांनी कॅप्टन म्हणूनच ओळखलं.

आपल्याकडे हे नवं नाही. निळू फुले पडद्यावरच्या पाटलासारखेच असतील असं धरून चालणारी माणसं गावोगाव होती. टीव्हीवर राम झालेल्या अरुण गोविल यांच्या पाया पडणारी माणसं आपण पाहिली आहेत. पण निळूभाऊंना रंगभूमी होती, ‘सखाराम बाइंडर’ होतं, तिथे ते दुसरा माणूस होऊ शकत होते. हॉजला अशी दुसरी जागा मिळाली नाही. आणि ज्याच्यासाठी तो चेहरा अडकला ती भूमिका तरी पूर्ण त्याची होती का? १९५१ साली कोलंबिया कंपनीनं ‘कॅप्टन व्हिडिओ’वर सिनेमाची भागमाला काढली. टीव्हीवरच्या मालिकेवरून अशी भागमाला निघण्याची ती पहिलीच वेळ. त्यात कॅप्टन झाला जड होल्ड्रन नावाचा नट. हॉज नाही. १९४० मध्ये सिनेमानं त्याचा आवाज घेतला होता आणि चेहरा दुसऱ्याचा लावला होता. या वेळी आवाजही नको, चेहराही नको, फक्त त्याची भूमिका हवी होती. सिनेमा जर त्याच्याबरोबर झाला असता, तर आज आपल्याकडे त्याच्या भर उमेदीतल्या कामाची धडधाकट फिल्म तरी असती.

शेवट पैशांमुळे झाला. ड्युमॉन्टचं खरं कमाईचं केंद्र पिट्सबर्गला होतं. तंगीत आलेल्या कंपनीनं ते वेस्टिंगहाउसला साडेसत्त्याण्णव लाख डॉलरना विकलं आणि त्यानंतर जाळं उसवतच गेलं. १ एप्रिल १९५५ रोजी कॅप्टन व्हिडिओ बंद झालं. पुढच्या वर्षी ड्युमॉन्टचं जाळंही संपलं.

आता तीन नटांची पुढची वाट शेजारीशेजारी ठेवून बघा. लवकर निघून गेलेल्या कूगनला पुढे ‘द कॅलिफोर्नियन्स’ या मालिकेत नायकाचं काम मिळालं. कॅप्टनचा तरुण साथीदार झालेला डॉन हेस्टिंग्ज पहिल्या दिवशी पंधराएक वर्षांचा होता. मालिका संपेपर्यंत त्याचा चेहराच बदलला होता. १९६० मध्ये तो ‘ॲज द वर्ल्ड टर्न्स’ या मालिकेत डॉक्टर झाला आणि २०१० पर्यंत, पन्नास वर्षं, तोच डॉक्टर राहिला. मधला माणूस मात्र अडकला. अभिनयाच्या गुणात मला हॉज या दोघांपेक्षा उणा वाटत नाही. फरक एवढाच की कूगनवर शिक्का बसायला वेळ मिळाला नाही, हेस्टिंग्जच्या वाढत्या वयानं शिक्का पुसला, आणि हॉज शिक्का बसेपर्यंत थांबला, वयही बदलण्याच्या पलीकडे गेलेलं. म्हणजे जो इमानदारीनं टिकून राहिला त्यालाच किंमत मोजावी लागली. मला याचा आजही राग येतो.

बंद पडल्यावर त्यानं काही काळ त्याच नावानं मुलांना कार्टून दाखवणारा कार्यक्रम केला. मग इकडेतिकडे छोट्या भूमिका. मग पहारेकऱ्याचं काम, दुकानातलं काम. आणि मग ती खोली. सहासष्ट वर्षांचा होता.

त्याच सुमारास त्याच्या कामाचीही वाट लागत होती. त्या काळी थेट प्रक्षेपण जपायचं तर एकच उपाय होता, टीव्हीच्या पडद्यासमोर सिनेमाचा कॅमेरा लावून चित्रण करायचं. त्याला किनेस्कोप म्हणत. ज्या शहरांत प्रक्षेपणाची तार पोहोचली नव्हती तिथे या फिल्म पाठवत. काम झालं की त्यांना किंमत उरायची ती फिल्ममधल्या चांदीपुरती, आणि पुष्कळ फिल्म त्या चांदीसाठीच गेल्या. ज्या उरल्या त्यांचं काय झालं ते १९९६ मध्ये अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेससमोर एडी ॲडम्स या अभिनेत्रीनं साक्षीत सांगितलं. सत्तरच्या दशकात, फिल्म कुणी सांभाळायच्या हा वाद मिटवायला, ड्युमॉन्टच्या फिल्म रात्री तीन मोठ्या ट्रकमध्ये भरल्या, बंदरावर नेल्या आणि न्यूयॉर्कच्या खाडीत बुडवल्या. ‘कॅप्टन व्हिडिओ’च्या दीड हजारावर भागांतले आज जेमतेम दोन डझन शिल्लक आहेत.

हे सांगताना मला अमेरिकेकडे बोट दाखवायचं नाही. २ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन सुरू झालं. पहिल्या वर्षांत तिथे मराठीतल्या उत्तमोत्तम नटांनी काम केलं आणि त्यातलं पुष्कळ आज पाहायला मिळत नाही, कारण टेप महाग होती आणि एकावर दुसरं रेकॉर्ड होत गेलं. ज्यांनी पुसलं ते काही शत्रू नव्हते. त्यांना उद्याचा कार्यक्रम करायचा होता. ड्युमॉन्टच्या माणसांनाही तेच करायचं होतं. तरीही पुसलं गेलं ते पुसलंच गेलं. नटाचं मरण नोंदवहीत राहतं, वर्तमानपत्रात राहतं. त्याची हजार कामं राहत नाहीत. म्हणून मग त्याचं सगळं आयुष्य आपण मरणावरून मोजू लागतो, आणि हॉजचं तेच झालं.

एक प्रसंग सांगून थांबतो. १९५५ मध्ये जॅकी ग्लीसननं ‘द हनीमूनर्स’ ही विनोदी मालिका काढली. ती सीबीएसवर लागायची, पण चित्रित होत होती ड्युमॉन्टच्याच ‘इलेक्ट्रॉनिकॅम’ या नव्या यंत्रावर, थेट फिल्मवर, म्हणून ती शाबूत राहिली. १ ऑक्टोबर १९५५ रोजी तिचा पहिला भाग लागला. त्यात दोन शेजारी वर्गणी काढून टीव्ही विकत घेतात आणि मग काय बघायचं यावरून भांडतात. त्यातला नॉर्टन, गटारांत काम करणारा चांगला बापया गडी, कॅप्टन व्हिडिओचा भक्त असतो. लहान पोरासारखा तो रेंजरचं हेल्मेट डोक्यावर घालून पडद्यासमोर बसतो. हा भाग लागला तेव्हा कॅप्टन व्हिडिओ बंद होऊन सहा महिने झाले होते, पण पाहणाऱ्या सगळ्यांना नॉर्टन कुणाची वाट बघतो आहे ते माहीत होतं. तो भाग तुम्ही आजही बघू शकता. चित्र स्वच्छ आहे. नॉर्टन टक लावून बसला आहे, हेल्मेट जरा डोळ्यांवर आलं आहे, आणि शेजारी कितीही ओरडला तरी तो मान वळवत नाही.